बालेकिल्ला आणि भिंत

२०२५ च्या ऑक्टोबरात, दिवाळीच्या आसपास, आमच्या फॅमिली ग्रुपवर दिवसाला पाच-सहा व्हिडिओ तरी पडत होते आणि सगळे एकाच साच्यातले. पोलीस स्टेशनचं आवार, पोलिसांनी पकडून आणलेला एक जण हात जोडून उभा, चालताना जरा लंगडतोय, आणि कॅमेऱ्याकडे बघून म्हणतोय "नाशिक जिल्हा, कायद्याचा बालेकिल्ला". कालपरवापर्यंत रीलमध्ये कोयता फिरवणारे, तलवारीने केक कापणारे, चौकाचौकात स्वतःच्या वाढदिवसाचे बॅनर लावणारे लोक हे. खाली टाळ्या, काकांचं "असंच पाहिजे यांना", मावशीचे देवाचे हात. खोटं कशाला बोलू, मीपण टाळ्या टाकल्या. इथे रात्रीचे साडेनऊ झाले होते, भांडी घासून झालेली, आणि सातासमुद्रापार बसून आपल्या गावातल्या गुंडाला लंगडताना बघणं याच्यात एक गंमत असतेच, कोणी नाही म्हणू नये.

दोन दिवसांनी वहिनीचा फोन आला. वहिनी म्हणजे माझ्या चुलत दादाची बायको, सिडकोत सहाव्या स्कीममध्ये राहतात. नेहमी फोन आला की पहिली पाच मिनिटं हवापाणी, इथली थंडी, तिकडचा पाऊस. या वेळी डायरेक्ट म्हणाली, "तू पण टाळ्या टाकल्यास गं. त्या जागी आपला पोरगा असता तर?"

मग कळलं की दादाचा मुलगा आठ महिन्यांपासून एमडीवर, म्हणजे मेफेड्रोनच्या नशेवर आहे. आठ महिने. आणि ग्रुपवर आम्हाला सांगितलं होतं की तो कोर्स करायला पुण्याला गेलाय.

मी कुठे राहते ते सांगते म्हणजे हे सगळं मला एवढं का लागलं ते कळेल. टेक्सासमधलं एल पासो. भारतातून कोणी विचारलं की मी "डॅलसच्या बाजूला" असं सांगून मोकळी होते, प्रत्यक्षात डॅलस इथून गाडीने नऊ तास लांब आहे. एल पासोच्या बाजूला आहे ते हुआरेझ, मेक्सिकोचं शहर, आणि बाजूला म्हणजे पंचवटीच्या बाजूला रविवार कारंजा इतकं बाजूला. मध्ये नदी. इकडे तिला रिओ ग्रांदे म्हणतात, तिकडे रिओ ब्राव्हो, आणि शहराच्या मधोमध ती दोन देशांनी १९६० च्या दशकात करार करून बांधलेल्या काँक्रीटच्या पाटातून वाहते. पहिल्यांदा बघितली तेव्हा मला रामकुंडाजवळचं काँक्रीटचं पात्रच आठवलं होतं. वर धरण आहे, धरणातून पाणी सोडलं की नदी, नाही सोडलं की नुसती ओल. आपल्या गंगेसारखंच की, म्हणजे आपल्या गोदावरीसारखंच. माझा नवरा इथल्या युनिव्हर्सिटीत आहे, तिच्या बिल्डिंगा भूतानच्या पद्धतीच्या आहेत (का ते विचारू नका, मोठी स्टोरी आहे), आणि त्या भुतानी खिडकीतून समोर डोंगरावरची हुआरेझची घरं दिसतात, वाळत घातलेले कपडेसुद्धा दिसतात.

मी नाशकात असताना अंबडला वायरिंग हार्नेसच्या कंपनीत क्वालिटीत होते, इथेपण तेच करते, फक्त प्लांट हुआरेझमध्ये आहे. आठवड्यातून तीनदा पूल ओलांडून जाते. तिकडे या कारखान्यांना 'माकिला' म्हणतात, १९६५ पासून ते आहेत, अमेरिकेचा माल, मेक्सिकोचे हात. सकाळी साडेपाचला शिफ्टच्या बसमधून डोळे चोळत उतरणाऱ्या पोरी बघितल्या की मला पाथर्डी फाट्यावरची कंपनीची बस आठवते. तोच डबा, तीच झोप, गळ्यात तेच आयकार्ड.

आता या दोन शहरांचा एक आकडा सांगते, तो पहिल्यांदा ऐकला तेव्हा माझा विश्वासच बसला नव्हता. २०१० साली हुआरेझमध्ये तीन हजारांच्या वर खून झाले. त्याच वर्षी एल पासोत पाच. मधे नदी तेवढीच, रुंदी म्हणाल तर आपल्या होळकर पुलापेक्षा फार नाही. टोळ्यांचा ड्रग्जचा माल कुठे जात होता? इकडे. पैसे कुठून येत होते? इकडून. बंदुका कुठून जात होत्या? तेही बऱ्याचशा इकडूनच, २०१४ ते २०१८ मध्ये मेक्सिकोत सापडलेल्या ज्या बंदुका माग काढायला अमेरिकेला दिल्या त्यातल्या सत्तर टक्के अमेरिकेतून आलेल्या निघाल्या. आणि मढी सगळी तिकडे. २०१० मध्ये हुआरेझच्या गोळ्या उडून एल पासोच्या सिटी हॉलच्या भिंतीला लागल्या तर केवढी नॅशनल न्यूज झाली होती म्हणे. भिंतीला लागल्या. माणसाला नाही.

माझ्या लाइनवर एक लीड, म्हणजे लाइन सांभाळणारी, आहे, हुआरेझचीच, माझ्याच वयाची. ती २०१० बद्दल फारसं बोलत नाही, पण एकदा मशीन बंद पडलं होतं, तीन तास काही काम नव्हतं, तेव्हा बोलली. मला वाटलं गोळीबाराच्या गोष्टी सांगेल. तिने काय सांगितलं, तर वाढदिवस दुपारी तीनला करायला लागलो. संध्याकाळी सहाच्या आत सगळ्यांनी घरी, केक दुपारच्या उन्हात वितळायचा. गल्लीच्या कोपऱ्यावरच्या टाकोवाल्याने दुकान बंद केलं कारण हप्ता दोन टोळ्यांना द्यायला लागत होता आणि एकीला दिला की दुसरी मारायची. शेजारची तीन घरं रिकामी झाली, मग त्यांची दारं गेली, मग खिडक्या, मग वायरी, मग नळ. ती म्हणाली की घर कसं मरतं ते मी बघितलंय.

एकतीस जानेवारी २०१० च्या पहाटेच्या आधी, तीस तारखेच्या रात्री, तिथल्या वियास दे साल्वारकार नावाच्या कामगारवस्तीत पोरांची वाढदिवसाची पार्टी चालू होती. शाळा-कॉलेजची पोरं. बंदूकवाले आले आणि पंधरा जणांना मारून गेले. चुकून. म्हणजे ज्यांना शोधत होते ते हे नव्हतेच. आणि तेव्हाचे राष्ट्राध्यक्ष काल्देरोन परदेश दौऱ्यावर होते, तिथून बोलले की हा टोळ्यांमधला वाद दिसतोय. पोरंच तसली असणार, असा त्याचा अर्थ. नंतर ते हुआरेझला आले तेव्हा एक बाई सगळ्यांसमोर उभी राहिली, माकिलात काम करणारी, दोन मुलगे होते तिला आणि दोन्ही त्या रात्री गेले, आणि तिने तोंडावर सांगितलं की मी तुमचं स्वागत करू शकत नाही. राष्ट्राध्यक्षांना माफी मागावी लागली. माझी लीड त्याच वस्तीच्या बाजूला राहायची. ती म्हणाली की माणसं मेली त्याचं दुःख होतंच, पण 'तसली पोरं' म्हणाले ना, ते आजपण विसरता येत नाही.

तसली पोरं. वहिनीच्या फोननंतर डोक्यात हाच शब्द. आमच्या ग्रुपवर आठवडाभर दुसरं काय चाललं होतं!

नाशिककरांना एमडी म्हणजे काय हे २०२३ च्या ऑक्टोबरात कळलं असं आपण म्हणतो. तोवर ते मुंबईचं, श्रीमंतांच्या पोरांचं, पार्टीबिर्टीचं प्रकरण होतं. मग पुण्याच्या ससून हॉस्पिटलमधून २ ऑक्टोबरला ड्रग्ज प्रकरणातला एक आरोपी पळाला आणि त्याच आठवड्यात मुंबईच्या साकीनाका पोलिसांनी आपल्या शिंदे गावाच्या एमआयडीसीत येऊन कारखाना पकडला, त्या प्रकरणात सगळा मिळून दीडशे किलोच्या आसपास माल, किंमत तीनशे कोटींच्या घरात. शिंदे गाव म्हणजे आमच्या मामाच्या गावाला जाताना टोल नाक्याच्या अलीकडे जिथे गाडी थांबवून पेरू घ्यायचो ते. मोर्चे निघाले, "मुंबईचे पोलीस येऊन पकडतात, आमचे झोपले होते का" यावर महिनाभर भांडणं झाली. पुढे सोलापूरला चिंचोळी एमआयडीसी, २०२४ च्या फेब्रुवारीत कुरकुंभ. प्रत्येक वेळी एमआयडीसीच. बंद पडलेलं युनिट, भाड्याने घेतलेला गाळा, केमिकलचा वास कोणाला खटकत नाही कारण तिथे सगळीकडेच वास.

तरीपण ग्रुपवर चर्चा काय, तर "बाहेरचे लोक येतात". ठरलेलं वाक्य. हे मी इथेपण रोज ऐकते, फक्त इंग्लिशमध्ये. इथे उत्तर म्हणून भिंत आहे, तीस फुटी लोखंडी पट्ट्यांची, माझ्या ऑफिसच्या रस्त्यावरून दिसते. २०२५ च्या सुरुवातीला तर फेंटानिलचं कारण सांगून मेक्सिको, कॅनडा, चीन या तिघांवर टॅरिफ लावले, कार्टेलांना, म्हणजे तिकडच्या ड्रग्ज टोळ्यांना, दहशतवादी जाहीर केलं. आता फेंटानिल म्हणजे काय ते बघा, अफूच्या जातीची पण केमिकलपासून बनवलेली नशा, दोन मिलिग्रॅम, पेन्सिलच्या टोकावर राहील एवढं, माणूस मारायला पुरतं. एवढीशी गोष्ट कोणी पाठीवर पोतं घेऊन भिंत चढून कशाला आणेल? ती गाडीच्या डॅशबोर्डमध्ये बसते, ट्रकच्या मालात बसते, आणि सरळ पुलावरून, कायदेशीर नाक्यावरून येते, पकडला जाणारा बहुतेक माल तिथेच पकडला जातो. आणि फेंटानिल तस्करीत शिक्षा झालेल्यांमध्ये दहापैकी आठांहून जास्त लोक अमेरिकेचेच नागरिक असतात. का, तर त्यांच्या गाडीला नाक्यावर कमी प्रश्न विचारतात. साधा हिशोब आहे, कोणत्याही ट्रान्सपोर्टवाल्याला कळेल.

आपल्याकडेही २०२१ ला मुंद्रा बंदरात जवळजवळ तीन हजार किलो हेरॉइन पकडलं ते काही रात्री होडीतून आलेलं नव्हतं, टाल्कच्या नावाने कंटेनरमध्ये कागदपत्रांसकट आलं होतं. मालाला दार लागतं, भिंत चढायची हौस नसते.

आणि एक गोष्ट तर मला इथे राहून फारच बोचली. २०२५ च्या जानेवारीत गुजरातमधल्या दोन केमिकल कंपन्यांवर अमेरिकेत आरोप ठेवले गेले, फेंटानिलसाठी लागणारा कच्चा माल पाठवल्याचे. ऑफिसमध्ये एकाने मला हसत हसत विचारलं, "तुमच्याकडून येतं म्हणे?" चांगला माणूस आहे, चेष्टेत बोलला. पण तेव्हा डोक्यात आलं की अरे, इथल्या कुणासाठी तरी आपण 'बाहेरचे लोक' आहोत. आपण कुणाचं तरी हुआरेझ आहोत.

नाशिक बॉर्डरवर नाही असं तुम्ही म्हणाल. आहे की. सुरगाणा, पेठ, पलीकडे डांग आणि वलसाड. मी कॉलेजात असताना एनएसएसच्या कॅम्पला सुरगाण्याला गेले होते, तिथल्या एका आजीने सांगितलेलं की बाळंतपण अडलं की आम्ही गुजरातेत जातो, नाशिक लांब पडतं. २०२२ च्या शेवटी तिथल्या गावांनी आम्हाला गुजरातला जोडा अशी मागणी केली तेव्हा टीव्हीवर सगळे चिडले, मला आजी आठवली. त्या रस्त्याने दमणची दारू येते, जंगलातला खैर जातो, आणि पकडला जातो तो पिकअपचा ड्रायव्हर नाहीतर तोडणारा आदिवासी. तिकडे शिरपूरच्या पट्ट्यात, मध्यप्रदेशच्या हद्दीला, वनजमिनीवर गांज्याची शेती दरवर्षी सापडते, फोटोत पोलीस झाडं उपटताना दिसतात. ते झाड लावायला बी आणि पैसे कोणी दिले त्याचा फोटो मी तरी अजून बघितला नाही. आणि मालेगाव! जिल्ह्यातलंच गाव आपलं, तिथे 'कुत्ता गोळी' चालते, ती तर कुठल्या बॉर्डरवरून येत नाही, घबराट-चिंतेच्या आजाराची साधी अल्प्राझोलम, औषधाच्या धंद्यातूनच बाहेर पडते. एमडीवर आपण मोर्चा काढतो कारण ते कॉलेज रोडपर्यंत पोचलं. कुत्ता गोळी यंत्रमागवाल्यांच्या वस्तीत वर्षानुवर्षं आहे, तेव्हा आमच्या ग्रुपवर कोणी एक मेसेज टाकला नव्हता, मीपण नाही.

आता घरातलं सांगते, वहिनीने परवानगी दिलीय, नावं नको म्हणाली.

पोरगा बावीसचा. आयटीआय केलेला, अंबडला ठेकेदारामार्फत लागला, बारा-बारा तासांची नाइट. झोप येऊ नये म्हणून बरोबरच्या एकाने दिलं. पहिली पुडी फुकट, हे सगळीकडेच, इथेही असंच. एमडी घेतलं की झोप लागत नाही, भूक लागत नाही, अंगात दहा माणसांचं बळ आल्यासारखं वाटतं, ठेकेदारपण खुश की पोरगं न थकता काम करतं. मग पगार पुरेना. मग घरातल्या वस्तू. वहिनीला कसं कळलं सांगू का, आजीचं तांब्याचं घंगाळ होतं, तांबट आळीतून घेतलेलं, ठोक्याचं, आजोबांनी लग्नात दिलेलं. माळ्यावर गोणपाटात गुंडाळून ठेवलेलं असायचं, दिवाळीला अभ्यंगस्नानाला काढायचे. यंदा वहिनी चिंचेचं पाणी करून घासायला म्हणून माळ्यावर चढली तर गोणपाट तसंच, आकारपण तसाच, आत प्लॅस्टिकची बादली. बादली ठेवली होती पोराने, गोणपाट चपटं दिसू नये म्हणून. वहिनी म्हणाली की घंगाळ गेल्याचं मला एवढं वाटलं नाही गं, पण त्याने बादली शोधून आणली, साइज बघून आणली, ते बघून मी माळ्यावरच बसले.

मग सगळं उलगडत गेलं. दादाने पतसंस्थेतून काढलेलं कर्ज. बहिणीसाठी आलेलं स्थळ, चांगलं होतं, पंचवटीतलं, त्यांनी चौकशी केली आणि "पत्रिका जुळत नाही" म्हणून कळवलं, आधी जुळलेली होती. शहराबाहेर एका केंद्रात ठेवला तर तिथे 'शिस्त' म्हणून पट्ट्याने मारायचे, तो तिथून पळून आला आणि दुसऱ्याच दिवशी परत घेतलं. पोलिसांत जायची भीती कारण मग तोच आरोपी. त्यांना कोणी सांगितलंच नव्हतं की एनडीपीएस, म्हणजे अमली पदार्थांच्या कायद्यात ६४अ नावाचं कलम आहे, थोड्या मालात सापडलेला व्यसनी माणूस स्वतःहून सरकारमान्य ठिकाणी उपचाराला गेला तर त्याच्यावर खटला चालत नाही. मी फोनवर वाचून दाखवलं तर दादा म्हणाला, "हे रील का नाही बनवत कोणी?" १४४४६ ही व्यसनमुक्तीची सरकारी हेल्पलाइन आहे, फुकट आहे, हेही त्यांना माझ्याकडून कळलं, एल पासोतून. चौदा हजार किलोमीटरवरून.

तर मी ग्रुपवर लिहिलं. घरातलं काही नाही लिहिलं, एवढंच की या व्हिडिओंमध्ये पुडी विकणारा दिसतो, गाळा भाड्याने देणारा का नाही दिसत, कॉलेज रोडला गाडीत बसून घेणारा का नाही दिसत, आणि लंगडत घरी गेलेला पोरगा पुढच्या महिन्यात काय करतो ते कोण बघतं. झालं. दहा मिनिटांत भुयारातून निघाल्यासारखे सगळे बाहेर आले. "तिकडे एसीत बसून बोलणं सोपं." "रात्री दहाला त्रिमूर्ती चौकात उभी राहून दाखव." सगळ्यात टोकाचं माझ्याच मामेभावाचं, त्याच्या मित्राला गेल्या वर्षी गाडीच्या कटवरून कोयता लागला होता, पाठीवर बावीस टाके. तो म्हणाला की ताई, मला तुझं सगळं पटतंय पण त्या व्हिडिओनंतर पहिल्यांदा आमच्या गल्लीत पोरं रात्री हळू आवाजात बोलायला लागलीत.

याला माझ्याकडे उत्तर नाही, आणि मी ते आणायचा प्रयत्नही करणार नाही. भीती खरी आहे. मी इथे भिंतीच्या सुरक्षित बाजूला राहते, पाच खूनवाल्या बाजूला, आणि तिथून हुआरेझच्या लोकांना 'कडक वागू नका' सांगायला गेले तर माझी लीड मला चहासुद्धा पाजणार नाही. पोलीस पाहिजेत, पकडायला पाहिजेत, जुलै २०२५ मध्ये विधिमंडळाने ड्रग्जवाल्यांना मोक्का लावायची सोय केली तीपण ठीकच, मोठे अडकले तर. पण माझं म्हणणं एवढंच की त्या हळू आवाजाचं पुढे काय होतं ते हुआरेझने बघून झालेलं आहे. काल्देरोननी डिसेंबर २००६ मध्ये सत्तेवर आल्या आल्या सैन्य उतरवलं, २००८ ला हुआरेझमध्ये हजारोंनी जवान आले, लोकांनी रस्त्यावर उभं राहून टाळ्या वाजवल्या होत्या, लीडच्या आईने तर सैनिकांना बुरितो नेऊन दिले. पहिले काही आठवडे शांत. आणि मग २०१०, ते तीन हजार. म्होरके पकडले की खालचे फुटतात, फुटलेले आपसात मारतात, आणि गल्लीतल्या ज्या पोराला काम नाही त्याला नवी टोळी नव्या रेटने घेते. नाशिक म्हणजे हुआरेझ नाही, देवाची कृपा, बंदुका तेवढ्या नाहीत. पण भरती कुठून होते ते ठिकाण सारखंच आहे. ठेक्यावरची नोकरी, नाइट शिफ्ट, आणि भाऊ म्हणून हाक मारणारा पहिला माणूस.

अमेरिकेने काय दिवे लावले तेही सांगायला पाहिजे नाहीतर एनआरआय लोक उपदेश करतात असं व्हायचं. निक्सनने १९७१ मध्ये ड्रग्ज हा शत्रू नंबर एक म्हणून जाहीर केलं, अर्धशतक तुरुंग भरले, आणि २०२२ ला ओव्हरडोसने एक लाखाच्या वर माणसं मेली, एका वर्षात. मजा म्हणजे २००९ च्या जानेवारीत याच एल पासोच्या सिटी कौन्सिलने, समोरचं हुआरेझ जळताना बघून, एकमताने ठराव केला होता की ड्रग्जबंदी संपवायची का यावर देशात प्रामाणिक चर्चा तरी करा. नुसती चर्चा. मेयरने व्हेटो केला, वरून निरोप आला की शहराचा निधी धोक्यात येईल, आणि नगरसेवक गप्प बसले. आपल्याकडच्या नगरसेवकांना हे वाचून बरं वाटेल.

एक गोष्ट मात्र इथे उशिरा का होईना सुरू झाली. नॅलोक्सोन. नाकात मारायचा स्प्रे, फेंटानिलने श्वास थांबलेला माणूस काही मिनिटांत परत श्वास घेतो. २०२३ पासून दुकानात बिनचिठ्ठीचा मिळतो. माझ्या मुलीच्या शाळेत पालकांना एका संध्याकाळी बोलावून शिकवलं, वीस मिनिटं, प्लॅस्टिकच्या बाहुल्यावर. शेजारी एक आजी बसल्या होत्या, मेक्सिकन, त्यांनी तिसऱ्यांदा हात वर केला आणि परत दाखवा म्हणाल्या. कोणी हसलं नाही. कोणी विचारलंही नाही की तुमच्या घरात कोण आहे. मला तेच बघून रडायला आलं, कारण मी सहाव्या स्कीमच्या हॉलमध्ये अशी मीटिंग डोळ्यासमोर आणून बघितली आणि त्यात वहिनी काही मला दिसली नाही, ती आलीच नसती, कोण बघेल म्हणून. २०२४ ला अमेरिकेतले मृत्यू ऐंशी हजारांच्या आसपास आले, का आले यावर इथे भांडणं आहेत, पण हा स्प्रे त्याच्यातलं एक कारण आहे असं बरेच तज्ज्ञ धरतात.

मी डिसेंबरात नाशिकला जाणार होते. जायच्या आधी वहिनीला फोन केला, काय आणू. नेहमी बदाम आणि व्हिटॅमिनच्या गोळ्या असतात. ती म्हणाली, "ते नाकात मारायचं औषध म्हणालीस ना, ते दोन-चार आण."

मी सांगितलं की वहिनी, ते एमडीवर नाही चालत. अफूच्या जातीच्या नशेवर चालतं फक्त. एमडी वेगळं.

"मग एमडीवर काय चालतं?"

तसं औषध नाही, म्हटलं. सरकारी हॉस्पिटलमध्ये मानसोपचारवाले आहेत, त्यांच्याकडे जात राहायचं, महिनोन् महिने, मध्ये परत घेईल, परत जायचं. मारत नाहीत ते.

ती थोडा वेळ गप्प. मागे कुकरच्या शिट्ट्या ऐकू येत होत्या. मग म्हणाली की जातोय तो, तीन आठवडे झाले, दादा कामावर जायच्या आधी स्वतः स्कूटरवर सोडतो आणि बाहेर बसून राहतो. ठेकेदाराला विचारलं तर घेतो म्हणाला परत, डे शिफ्टला.

"पण गेटवर सोडत नाहीत गं त्याला. सेफ्टी शूज लागतात, ते विकले ना त्याने. इथे मिळतात, पण तिकडचे टिकतील. नऊ नंबर."

मी म्हटलं, तिकडचा नंबर वेगळा असतो, पाय कागदावर ठेवून पेन्सिलने काढून फोटो पाठव. संध्याकाळी आला. वहीचा आखीव कागद, त्यावर पायाची रेघ, अंगठ्यापाशी दोनदा काढलेली कारण पहिल्यांदा तो हलला असणार.